राजवाड्यांची ‘उदासीन रयत’ आणि साष्टीचा पुरावा

कै. विश्वनाथ काशिनाथ राजवाडे यांनीं १९२४ सालीं महिकावतीची बखर छापून उत्तर कोंकणच्या अभ्यासकांवर थोर उपकार केले. भिन्न काळीं रचलेलीं प्रकरणें एका पोथींत कशीं गुंफलीं गेलीं, हें त्यांनीं उलगडून दाखविलें. तो भाग आजहि मार्गदर्शक आहे. परंतु प्रस्तावनेंतील एक सिद्धान्त तपासून घेणें अवश्य वाटतें. अन्नाची ददात नसल्यामुळें ग्रामस्थ सरकार कोणाचें याविषयीं उदासीन राहिले, व राज्यें आलीं-गेलीं तरी स्वस्थ बसले, असा त्याचा आशय.

प्रथम शब्दांचा विचार करूं. ‘नागरिक’ या शब्दाचा आजचा अर्थ अर्वाचीन आहे. पाणिनि ‘नागरक’ हें रूप निंदा किंवा प्रावीण्य या अर्थीं सांगतो. कौटिल्याचा नागरक हा नगराचा अधिकारी, तर वात्स्यायनाचा रसिक गृहस्थ. ‘रयत’ या अरबी शब्दाच्या मुळाशीं राखलेल्या कळपाची कल्पना आहे. यांपैकीं एकाहि शब्दाच्या अर्थांत देशरक्षणाचें कर्तव्य नाहीं. पण शब्द नव्हता म्हणून भावनाहि नव्हती, असें अनुमान काढतां येत नाहीं. कॅनडाचे लोक दोन महायुद्धें लढले. त्यांच्या स्वतंत्र नागरिकत्वाचा कायदा मात्र १ जानेवारी १९४७ रोजीं अमलांत आला. लढणें आधीं, नांव मागाहून.

आतां पुरावा पाहूं. खुद्द या बखरींतच शके १३७० च्या सुमाराचा जो केशवाचार्य-नायकोरावांचा भाग आहे, त्यांत महाराष्ट्रधर्माच्या रक्षणाची चिंता उघड दिसते. उदासीनांस अशी चिंता कशाला असावी? पुढें त्याच मुलुखांत, खाडीपलीकडील अणजूरचे गंगाजी नाईक व त्यांचे बंधु फिरंगी अंमलाविरुद्ध खटपट करून पेशव्यांचें साह्य मिळवितात. ठाण्याचा कोट अपुरा असतांनाच मार्च १७३७ मध्यें मराठ्यांनीं तो घेतला. मे १७३९ मध्यें वसई पडली. स्थानिक माणसांची माहिती व हिंमत पाठीशीं नसती, तर ही मोहीम अधिक बिकट झाली असती.

तथापि उलट टोंकास जाणेंहि युक्त नव्हे. घराण्यांच्या कैफियती बहुधा यशानंतर, इनाम-वतनाच्या हेतूनें लिहिल्या जातात. त्यांत स्वतःचा पराक्रम वाढतो व शेजाऱ्याचा लोपतो. त्या पेशवे दप्तरांतील समकालीन पत्रांशीं ताडून पाहिल्यावांचून ग्राह्य धरूं नयेत. शिवाय अणजूरकर हे प्रतिष्ठित घराण्याचे. त्यांच्या उदाहरणावरून नांगर धरणाऱ्या कुळाचें मन सिद्ध होत नाहीं. म्हणून माझें मत इतकेंच, कीं वतन व धर्म यांस जेथें धक्का बसला, तेथें वतनदार तरी उदासीन राहिला नाहीं. राजवाड्यांनीं ‘ग्रामस्थ’ या एकाच शब्दांत वतनदार व कूळ दोघांस कोंबलें, हा त्यांच्या सिद्धान्तांतील दोष.

आपल्या राज्यघटनेंत १९७६ सालीं मूलभूत कर्तव्यें आलीं. देशाचें रक्षण हें त्यांपैकीं एक. तें आतां कुळावर आणि वतनदाराच्या वंशजावर सारखेंच आहे. कुळाचें जुनें मन मात्र अद्याप आपणांस वाचावयाचें आहे. ठाणें, कल्याण, भिवंडी या भागांत ज्यांच्या घरीं दफ्तरें असतील, त्यांनीं सनदांइतकेच वसुलाचे, वेठीचे व तक्रारींचे क्षुल्लक दिसणारे कागदहि जपावे, आणि रुमाल फोडून ते विखुरूं देऊं नयेत. राजवाड्यांना खरें उत्तर त्यांतूनच मिळेल.