विश्वोत्पत्तीचे प्रवेशग्रंथ

विश्वोत्पत्तीवरील प्रवेशग्रंथ म्हटला कीं सुशिक्षित घरांत प्रथम नांव निघतें तें स्टीफन हॉकिंग यांच्या १९८८ सालच्या ‘अ ब्रीफ हिस्टरी ऑफ टाइम’चें. एक अपवाद सोडला तर ग्रंथकारांनीं सारीं समीकरणें गाळलीं आहेत. पण तेवढ्यानें विषय सुगम होतो, हें आम्हांस मान्य नाहीं. ‘काल्पनिक काल’ येतांच वाचक मान डोलावतो व पान उलटतो. समजलें म्हणून नव्हे, भिडेखातर!

मुलांच्या हातीं अगोदर द्यावें असें आम्हांस वाटतें तें स्टीव्हन वाइनबर्ग यांचें ‘द फर्स्ट थ्री मिनिट्स’ (१९७७). येथें ‘हें कशावरून?’ असें विचारण्याची वाचकास मुभा आहे. सर्व दिशांनीं सारखाच येणारा क्षीण रेडिओ-प्रारण पेंझियस व विल्सन या अमेरिकन संशोधकांनीं १९६५ सालीं जाहीर केला. तत्पूर्वीं, दोष यंत्राचाच असेल म्हणून, त्यांनीं आकाशकांतली कबुतरांची विष्ठासुद्धां साफ केली होती. वस्तुतः आल्फर व हर्मन यांनीं अशा प्रारणाचें तपमान निरपेक्ष शून्याच्या वर सुमारें ५ अंश असावें, असें गणित १९४८ सालींच मांडलें होतें. मग इतकीं वर्षें त्याचा शोध कोणी कां केला नाहीं? वाइनबर्ग या प्रश्नास अख्खें प्रकरण देतात. शास्त्रज्ञांनीं आपल्याच गणितावर पुरेसा भरंवसा ठेवला नाहीं, हें त्यांचें उत्तर स्वतःच्या व्यवसायाची भीड न धरणारें आहे.

शेवटीं विश्वाच्या निरर्थकतेविषयीं मारलेला शेरा मात्र आम्हांस अप्रस्तुत वाटला. मागील एकाहि पुराव्यांतून तो निघत नाहीं. विश्वप्रसरणाचा वेग वाढत असल्याचें १९९८ सालीं कळलें, तेंहि येथें नाहीं. तेवढें वडील मंडळींनीं तोंडीं सांगावें.