वृत्र, बांध आणि नांगर : कोसंबींच्या सिंधुकृषिविचाराची शब्दनिष्ठ परीक्षा

सिंधुसंस्कृतीच्या शेतीविषयी दामोदर धर्मानंद कोसंबी यांनी १९५६ च्या आपल्या भारतीय इतिहासविषयक ग्रंथात जी उपपत्ती मांडली व १९६५ च्या ग्रंथात पुन्हा प्रतिपादली, ती आजही विचारार्ह आहे. नगरे, मुद्रा व भांडी यांच्या वर्णनातच अभ्यासक गुंतले असता, या नगरांना धान्य कोठून मिळे व त्या धान्याला पाणी कोण देई, हा मूलगामी प्रश्न कोसंबींनी पुढे आणला. त्यांचे उत्तर असे : सिंधुजनांजवळ जड नांगर नव्हता, दाताळासारखे हलके अवजार होते, कालवे नव्हते, बांध घालून पुराचे पाणी ते शेतांवर पसरवीत. इंद्राने वृत्राला मारून नद्या मोकळ्या केल्या, याचा अर्थ आर्यांनी हे बांध फोडले आणि त्याबरोबर ती शेतीही मोडली.

या उपपत्तीचा एक आधार शब्दार्थाचा आहे. ‘वृत्र’ म्हणजे मुळात राक्षस नव्हे, तर अडथळा, हा भाषाशास्त्रज्ञांचा निष्कर्ष कोसंबींनी स्वीकारला, आणि तो योग्यच होता. परंतु ‘अडथळा’ येथून ‘माणसाने बांधलेला बांध’ येथवर जाणारी वाट शब्दाने दाखविलेली नाही. अवेस्तेतील ‘वेरेथ्र’ हा शब्द याच कुळातील असून त्याचा अर्थ प्रतिकार असा आहे. ‘वेरेथ्रघ्न’ ही इराणी देवता विजयाची आहे, बांध फोडणारी नव्हे. ऋग्वेदातही या शब्दाचे नपुंसकलिंगी अनेकवचन सामान्यतः शत्रू किंवा अडथळे या अर्थी येते. तेव्हा हा अर्थ इंडो-इराणी काळाइतका जुना ठरतो. सिंधूकाठच्या विशिष्ट बांधकामाची स्मृती त्यात गृहीत धरण्यास स्वतंत्र पुरावा हवा.

एकच शब्द किती भिन्न कामे करतो, हे पाहण्यास दूर जावे लागत नाही. धाकटी डहाणू ज्या उत्तर कोकणच्या किनाऱ्यावर वसली आहे, तेथे खारबंदिस्तीचा बांध भरतीचे खारे पाणी बाहेर रोखतो, आणि ओहोटीच्या वेळी उघाडीतून आतले पाणी समुद्राकडे जाते. देशावर ओढ्याचा बांध गोडे पाणी आत अडवितो. दोन शेतांमधला बांध तर केवळ हद्द दाखवितो. शब्द एक, परंतु पाणी कोणते, कोणत्या बाजूस आणि कशासाठी अडविले, हे प्रत्यक्ष जमीन पाहिल्याशिवाय कळत नाही. याच किनाऱ्यावरील ‘दाहनुका’ ही नदी नाशिकच्या लेण्यातील उषवदाताच्या लेखात येते ती विनामूल्य होड्यांच्या संदर्भात. त्याच लेखात तडाग व उदपान यांचा उल्लेख निराळा आहे. नदीचे नाव आढळले म्हणून सिंचन सिद्ध होत नाही.

नांगराविषयीचे मत तर उत्खननानेच बाधित झाले. १९६० ते १९६९ या काळात ब्रजबासी लाल व बाळकृष्ण थापर यांनी कालीबंगन येथे केलेल्या उत्खननात हडप्पापूर्व थरातील नांगरलेले शेत उघडकीस आले. एकमेकांस छेदणाऱ्या सऱ्यांपैकी एका दिशेच्या सऱ्या सुमारे ३० सेंटिमीटर, तर दुसऱ्या दिशेच्या सुमारे १.९० मीटर अंतरावर होत्या. पुढे बनावली येथे नांगराची मातीची प्रतिकृतीही मिळाली. १९५६ मध्ये कोसंबींपुढे यांपैकी काहीच नव्हते, हे लक्षात घेणे न्याय्य ठरेल. तथापि एक सूचक शब्द तेव्हाही उपलब्ध होता. मराठी ‘नांगर’ ज्यापासून आला तो ऋग्वेदातील ‘लाङ्गल’ हा शब्द अनेक भाषाशास्त्रज्ञ आर्येतर, बहुधा ऑस्ट्रो-आशियाई, मानतात. तो सिंधुजनांचाच होता असे म्हणता येणार नाही. परंतु वैदिक समाजाने नांगराचे एक नाव इतरांकडून घेतले असेल, तर नांगर आर्यांबरोबरच आला हे गृहीतक डळमळते.

बाबिलोनमध्ये परिस्थिती वेगळी आहे. बांधाची हयगय करून शेजाऱ्याचे पीक बुडविणाऱ्याने भरपाई द्यावी, असे हम्मुरबीची संहिता स्पष्टपणे सांगते. तेथे शब्द पूर्ण वाक्यात, व्यवहारासह येतो. सिंधुलिपी अद्याप वाचली गेलेली नाही. म्हणून तिच्या एखाद्या चिन्हाच्या आकारावरून अवजार ठरविणे धोक्याचे आहे.

मात्र बांधांविषयीची कोसंबींची दृष्टी सर्वस्वी चुकली असे नाही. धोलावीरा येथे ओढ्यांवरील बंधारे व मोठे जलाशय सापडले. महाराष्ट्रात घोड नदीकाठच्या इनामगाव येथे, डेक्कन कॉलेजच्या १९६८ ते १९८३ मधील उत्खननात, जोर्वे संस्कृतीच्या वसाहतीजवळ बांध व पाट आढळले. त्यांचा संबंध उत्खननकारांनी सिंचनाशी जोडला. तेथील बांधाची साक्ष मातीने दिली, पुराणकथेने नव्हे.

म्हणून कोसंबींचा प्रश्न स्वीकारावा, त्यांचे उत्तर सुधारावे. व्युत्पत्ती शब्दाचा प्रवास सांगते. पाण्याचा प्रवास सांगण्याचे काम तिच्यावर लादू नये. ‘बांध’, ‘पाट’, ‘खाजण’, ‘उघाडी’ यांसारखे शब्द बोलींतून गोळा करताना प्रत्येक शब्दाबरोबर ती जागा आणि तो व्यवहारही नोंदविला गेला, तरच भाषाशास्त्र कृषीच्या इतिहासाला विश्वसनीय साह्य करू शकेल.