‘गमन’ : टॅक्सीच्या काचेतून दिसणारे शहर

मुझफ्फर अली यांचा जन्म १९४४ साली लखनौला झाला. शिक्षण अलीगढला, विज्ञान शाखेत. पुढे जाहिरात क्षेत्रात नोकरी, आणि या सगळ्यात चित्रकला चालूच. त्यांचा ‘उमराव जान’ (१९८१) तुम्ही पाहिला असेल, निदान आशा भोसले यांनी गायलेल्या त्यातील गझला ऐकल्या असतील. पण चित्रकार रोजच्या जगण्याकडे कसा पाहतो हे समजून घ्यायचे असेल, तर आधी त्यांचा पहिला चित्रपट ‘गमन’ (१९७८) पाहा.

कथा छोटी आहे. उत्तर प्रदेशातील एका गावातला गुलाम हसन (फारूख शेख) पोटासाठी मुंबईला येतो आणि टॅक्सी चालवू लागतो. आई आणि पत्नी खैरुन (स्मिता पाटील) गावीच राहतात.

यातील दोन गाणी नीट पाहा. नुसती ऐकू नका. शहरयार यांची गझल सुरेश वाडकर गातात, तेव्हा पडद्यावर रस्ते, वाहने आणि टॅक्सी चालवणारा गुलाम असतो. मुंबई आपल्याला त्याच्या गाडीच्या काचेतून दिसते. शहरातले रस्ते त्याला पाठ होतात, पण प्रत्येक फेरी दुसऱ्याच्या कामाची असते. मखदूम मोहिउद्दीन यांची गझल छाया गांगुली गातात, तिथे खैरुन आहे आणि तिचे वाट पाहणे आहे. घडत काहीच नाही. स्मिता पाटील यांना संवाद फार थोडे आहेत, तरी त्या नुसत्या उभ्या राहिल्या की गाव समोर येते. (या चित्रपटासाठी संगीतकार जयदेव आणि छाया गांगुली या दोघांनाही राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.)

शेवटी गुलाम स्टेशनवर जातो, पण गाडीत चढत नाही. जाण्यायेण्यातच साठवलेले पैसे संपले तर घरी काय द्यायचे? माझ्या मते ‘गमन’चे मोठेपण इथे आहे. घरची आठवण आणि गाडीभाडे एकाच हिशेबात मांडण्याचे धैर्य आपल्या चित्रपटांत क्वचितच दिसते. तुमच्यापैकी जे वसतिगृहात राहतात, त्यांना हा हिशेब वेगळा समजावून सांगावा लागणार नाही.

‘उमराव जान’मध्ये असे होत नाही. मिर्झा हादी रुसवा यांच्या १८९९ च्या कादंबरीवरचा हा चित्रपट अतिशय देखणा आहे; पण त्यातले लखनौ निरीक्षणातून आलेले नाही, ते हुरहुरीतून रंगवलेले आहे. पोशाख आणि दिवाणखाने इतके सुंदर, की तिथे स्वयंपाक कोण करत असेल हा प्रश्नच पडत नाही. ‘अंजुमन’ (१९८६) मध्ये अली पुन्हा लखनौच्या गल्ल्यांत येतात. चिकनचे भरतकाम करणाऱ्या स्त्रिया, त्यांची तुटपुंजी मजुरी, आणि त्यांच्यात शबाना आझमी. कथा अधूनमधून भाषण करू लागते, हे खरे. तरीही तलम कुर्त्यामागचे हात इथे दिसतात.

हे मत जसेच्या तसे मान्य करू नका. तिन्ही चित्रपटांतील कोणतीही दहा मिनिटे निवडा आणि त्यात कष्ट करणारे हात किती वेळ दिसतात, ते घड्याळ लावून मोजा.