दत्तक मुलाचा जन्मदाखला: याला 'दुरुस्ती' का म्हणायचं?

डेटा स्वच्छ करा, हे वाक्य रिसर्चच्या तयारीत तुम्ही शंभरदा ऐकाल. पण चूक कशाला म्हणायचं, हे आधी ठरवावं लागतं. त्यासाठी आज एक साधा सरकारी कागद घेऊ: दत्तक घेतलेल्या मुलाचा जन्मदाखला.

जन्माची नोंद राहत्या गावी होत नाही, जिथे जन्म झाला तिथे होते. आर्वीकडची बाई सेवाग्रामला किंवा सावंगीला बाळंत झाली, तर नोंद तिथल्या निबंधकाकडे. पुढे ते मूल हिंगणघाटच्या नातेवाइकांनी रीतसर नोंदणीकृत दत्तकपत्र करून घेतलं, तरी दाखल्यावर नाव बदलायला त्यांना त्याच निबंधकाकडे जावं लागतं. तिथे हा अर्ज बहुधा 'दुरुस्ती' म्हणूनच बघितला जातो.

माझा आक्षेप या शब्दाला आहे. जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियम, १९६९ चं कलम १५ बघा. नोंद चुकीची असेल, किंवा खोटेपणाने वा गैररीतीने केलेली असेल, तर निबंधकाने मूळ नोंदीला हात न लावता समासात दुरुस्ती लिहून, सही आणि तारीख टाकायची. पण दत्तक प्रकरणात मूळ नोंद खरीच असते. त्या दिवशी त्या बाईला ते बाळ झालं, यात चूक काय? नंतर बदललं ते कायद्यातलं नातं. हिंदू दत्तक आणि निर्वाह अधिनियम, १९५६ प्रमाणे दत्तकाच्या तारखेपासून मूल नव्या आईवडिलांचं होतं. म्हणजे न झालेली चूक सिद्ध करायचा भार पालकांवर पडतो.

संस्थेतून घेतलेल्या मुलांसाठी वाट जास्त स्पष्ट आहे: दत्तक आदेशाच्या आधारे नव्या आईवडिलांच्या नावाने दाखला. २०२३ च्या सुधारणेने संस्थेबाहेरच्या दत्तकात जन्माची माहिती दत्तक पालकांनी द्यावी, असंही सांगितलं. चांगलं झालं. पण आधीच झालेली नोंद ही चूक मानायची की बदल, हा प्रश्न त्याने सुटत नाही.

आता यात तुमचा काय संबंध? विदर्भात सिकलसेलवर काम करणार असाल तर थेट संबंध आहे. हा आजार व्हायला सहसा आई आणि वडील दोघांकडूनही सदोष जनुक यावं लागतं. समजा मुलाला आजार आहे, दाखल्यावरच्या आईवडिलांच्या तपासण्या मात्र अगदी नॉर्मल. नवखा संशोधक म्हणेल, नमुने अदलाबदल झाले. त्याहून वाईट म्हणजे तो आईवर शंका घेईल. खरं तर दाखल्यातला 'आई' हा रकाना कायद्याने आई कोण ते सांगतो, जनुकं कोणाची ते नाही. गंमत अशी की जन्माच्या अर्जाचा सांख्यिकी भाग, म्हणजे आईचं वय, बाळाचं वजन, बाळंतपणाची पद्धत, आधीच वर गेलेला असतो आणि तो जन्मदात्रीबद्दल बोलतो. एकाच जन्माची दोन कागदं, दोन वेगळ्या बायकांची.

कोणी म्हणेल, मग दाखल्यावरच 'दत्तक' लिहा ना! अजिबात नको. १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्यांना शाळाप्रवेश, मतदारयादी, लग्ननोंदणी, सरकारी नोकरी, सगळीकडे जन्मतारखेसाठी हाच दाखला लागणार आहे. दर खिडकीवर मुलाने आपली कहाणी का सांगावी? याच कायद्यात मृत्यूच्या दाखल्यावर मृत्यूचं कारण उघड करत नाहीत. नोंदवहीत सगळं असावं, दाखल्यात गरजेपुरतंच, हे तत्त्व तिथे आधीच मान्य आहे. दत्तकाला तेच लावा आणि कलम १५ च्या शेजारी 'नात्यातील कायदेशीर बदल' अशी वेगळी तरतूद करा, एवढीच माझी मागणी.

तोवर तुमच्या प्रश्नावलीत 'आईचं नाव' हा एकच रकाना ठेवू नका. जन्मदात्यांची आरोग्यमाहिती वेगळी विचारा, 'माहीत नाही' आणि 'सांगायचं नाही' हे पर्याय द्या. हा प्रश्न मुलासमोर विचारू नका, त्याला कदाचित माहीतच नसेल. आणि आकडे जुळत नाहीत म्हणून मूळ नोंद शोधत फिरू नका. मुळांचा शोध घ्यायचा हक्क दत्तक मुलाचा आहे. त्रयस्थाला दत्तक नियमावली तशी परवानगी देत नाही, आणि संशोधक इथे त्रयस्थच असतो.