शर्स्टनचें शौर्य

पदक मिळविलेल्या योद्ध्याचें चरित्र लिहूं लागलें म्हणजे लेखक सहसा पदकाच्या दिवसापाशींच घुटमळतो. बालपण ही त्या दिवसाची पूर्वतयारी होऊन बसते आणि उरलेलें आयुष्य त्याचा उपसंहार. आमच्याकडील वीरचरित्रेंही या सांच्यांतून फारशीं सुटलेलीं नाहींत. म्हणूनच सीगफ्रीड ससून यांचें १९३० सालचें ‘मेमॉयर्स ऑफ ॲन इन्फन्ट्री ऑफिसर’ हें पुस्तक आम्ही वाचकांपुढें आग्रहानें ठेवीत आहों.

ससून हे पहिल्या महायुद्धांत रॉयल वेल्श फ्युझिलिअर्स या पलटणींत अधिकारी होते. मे १९१६ मध्यें फ्रान्सच्या रणभूमीवर एका छाप्याच्या रात्रीं दीड तास शत्रूच्या गोळीबारांत राहून त्यांनीं आपले जखमी लोक परत आणिले. त्याबद्दल त्यांस मिलिटरी क्रॉस मिळाला. ही हकीकत ते जॉर्ज शर्स्टन या कल्पित नांवाआडून सांगतात. तीन भागांच्या आत्मकथनाचा हा मधला भाग; पहिला १९२८ चा, तिसरा १९३६ चा.

शर्स्टन शूर आहे यांत शंका नाहीं. परंतु तो शूर कां, हें लेखक मोठ्या निष्ठुरपणें तपासतो. पहिल्या भागांत त्याचा जिवलग मित्र मारला जातो, आणि तेव्हांपासून रात्रीं तारांच्या कुंपणाबाहेर हिंडण्याची त्याला चटक लागते. छाप्याच्या रात्रीं ज्या ओब्रायनला तो जिवाचा आटापिटा करून विवरांतून वर काढवितो, तो मेलेला निघतो. पुस्तकाचा खरा कळस मात्र जुलै १९१६ च्या प्रसंगांत आहे. सोमच्या लढाईंत शर्स्टन भर दिवसा एकटाच शत्रूच्या खंदकांत शिरतो; जर्मन शिपाई पळून जातात. आतां पुढें काय करावें, हें या विजयी वीराला सुचत नाहीं! शेवटीं तो परत येतो, तों कर्नलसाहेब त्याची चांगलीच हजेरी घेतात. कारण तो तेथें अडकला आहे या समजुतीनें आपल्याच तोफांना थांबावें लागलें होतें. दुसऱ्या एखाद्या चरित्रकारानें येथें नगारे वाजविले असते.

पुढें १९१७ मध्यें हाच मनुष्य, युद्ध मुद्दाम लांबविलें जात आहे असें जाहीर करून सेवा नाकारतो. वर्गांत हें पुस्तक शिकवितांना एका विद्यार्थ्यानें आम्हांस विचारलें, “सर, हा शूर कीं भित्रा?” आम्हीं त्यास खंदकाचें प्रकरण पुन्हां वाचावयास सांगितलें. तेथें जो अविचार आहे, तोच निषेधांतही आहे. दोन्हीं वेळां तो एकटाच पुढें जातो, आणि मागून कोणी येत नाहीं.

एक दोष मात्र सांगितलाच पाहिजे. ससून कवि होते. १९१७ मध्येंच त्यांचा ‘दि ओल्ड हंट्समन’ हा संग्रह निघाला होता. शर्स्टनपासून त्यांनीं हें कवित्व काढून घेतलें. त्यामुळें तो सामान्य माणूस झाला, हा लाभ खरा. पण शिकार व क्रिकेट यांत रमलेल्या या तरुणाच्या निषेधामागील वैचारिक तयारी पुरेशी दिसत नाहीं, आणि शेवटचीं प्रकरणें लंगडीं पडतात.

पदक मर्सी नदींत फेंकल्याची कथा पुष्कळांच्या तोंडीं असते. पुस्तकांत फेंकली जाते ती नुसती फीत; आणि ती इतकी हलकी, कीं फेंकल्याचें समाधानही शर्स्टनला मिळत नाहीं. पदक ससून यांच्या कुटुंबांतच राहिलें होतें. तें २००७ मध्यें सांपडलें.