परीक्षकाची लेखणी आणि न्यायालयाची पायरी

आंतरशालेय स्पर्धेचा निकाल लागला की वसई-विरारमधल्या कुठल्याही सभागृहाबाहेर एक वाक्य हमखास कानावर पडते : ‘आमच्या मुलांवर अन्याय झाला.’ आपल्याकडे ही तक्रार बहुधा घरी पोहोचेपर्यंत विरते. केरळमध्ये ती न्यायालयात जाते.

केरळचा राज्य शालेय कलोत्सव १९५७ साली एर्नाकुलम येथे सुरू झाला. उपजिल्हा आणि जिल्हा या पायऱ्या चढून मूल राज्याच्या मंचावर येते. विजेत्या जिल्ह्याला साडेएकशे सतरा पवनांचा सुवर्णचषक मिळतो, तर मुलाला शालान्त परीक्षेत वाढीव गुणांचा लाभ. जिल्ह्यातला पहिला क्रमांक हुकला की पालक अपील समितीकडे धावतात. तिथे नकार मिळाला तर लोकायुक्त किंवा न्यायालय. तिथून येणारा आदेश बहुधा एवढेच सांगतो की, या मुलाला भाग घेऊ द्या. अशा आदेशांनी स्पर्धक वाढतात आणि कार्यक्रम मध्यरात्र ओलांडतात. २०१८ साली त्रिशूरच्या कलोत्सवात बालहक्क आयोगाच्या नावाचे बनावट आदेश सापडले आणि अटकाही झाल्या. कलेच्या स्पर्धेत शिक्क्यांची नक्कल करण्यापर्यंत मजल गेली!

गुणांच्या वादात न्यायालयाने कुठवर जावे, याचे उत्तर मिळाले ते महाराष्ट्रातल्याच एका खटल्यात. आपल्या शिक्षण मंडळाच्या नियमाप्रमाणे उत्तरपत्रिकांचे पुनर्मूल्यांकन होत नसे. मुंबई उच्च न्यायालयाने तो नियम रद्द ठरवला. १९८४ साली सर्वोच्च न्यायालयाने तो पुन्हा वैध ठरवला. तज्ज्ञांच्या मूल्यमापनात न्यायालयाने सहसा हात घालू नये, ही त्यामागची भूमिका. पुढे २०११ साली त्याच न्यायालयाने विद्यार्थ्याला आपली तपासलेली उत्तरपत्रिका माहिती अधिकारात पाहण्याचा हक्क मान्य केला. दोन्ही निकाल एकत्र वाचले तर सूत्र हाती येते : मत परीक्षकाचेच, पण ते झाकलेले नको.

शालेय कलास्पर्धा अडते ती इथेच. नृत्याची उत्तरपत्रिका उरत नाही. उरतो तो गुणांचा तक्ता, आणि तोच सहसा कुणाला दिसत नाही. शिवाय तक्त्यातले रकाने तरी कुणाचे? आपल्या जिल्ह्यातले तारपा नृत्य घ्या. मध्ये तारपा वाजवणारा आणि त्याच्याभोवती फिरणारी नाचणाऱ्यांची साखळी. या नाचाला ‘समोरची बाजू’ नसतेच. स्पर्धेत मात्र परीक्षक समोर बसतात, म्हणून साखळी उलगडून मुले एका रांगेत उभी केली जातात. अशा वेळी ‘सादरीकरण’ या रकान्यात पडणारे गुण नाचाला की रांगेला? हा प्रश्न कोणतेही न्यायालय सोडवणार नाही. तो जाणकार परीक्षकानेच सोडवायचा आहे.

अपिलाची वाट सर्वांना सारखी मोकळीही नसते. वकील, अनामत आणि प्रवास ज्याला परवडतो, त्याचाच अन्याय आदेशापर्यंत पोहोचतो. आश्रमशाळेतले मूल गप्प बसून गाडीत चढते. आपल्याकडेही दहावीला चित्रकला, शास्त्रीय कला आणि लोककला यांचे वाढीव गुण मिळतात; म्हणजे कला आणि गुणपत्रिका यांची गाठ इथेही पडली आहे. केरळची वाट आपल्यालाही दूर नाही.

ती टाळायची तर उपाय साधे आहेत. परीक्षकाचा विद्यार्थी स्पर्धेत असेल तर त्याने आधीच सांगून बाजूला व्हावे. गुणांचा तक्ता त्याच दिवशी भिंतीवर लागावा. आणि प्रत्येक संघाला परीक्षकाने दोन ओळींचा अभिप्राय लिहून द्यावा. या तीन गोष्टी पाळल्या गेल्या नाहीत तर पालकांनी जरूर दाद मागावी. ती कार्यपद्धतीविरुद्धची दाद असेल आणि न्यायालयालाही ती पेलेल. पण परीक्षकाची आवडनिवड न्यायालयात तोलायला नेली, तर हरलेले मूल एवढेच शिकते की कला कमी पडली तर कागद पुरतो. त्याला खरे तर जाणून घ्यायचे असते की आपण कुठे चुकलो. त्या दोन ओळी त्याचा हक्क आहेत.