बहिष्काराची वेदना आणि मेंदूचे शास्त्र

मॅथ्यू लिबरमन यांचा ‘सोशल’ हा ग्रंथ २०१३ साली प्रसिद्ध झाला. मानवी मेंदूची घडणच परस्परसंबंधांसाठी झाली आहे, असे त्याचे मुख्य प्रतिपादन आहे. बौद्ध वाचकास हे प्रतिपादन आपलेसे वाटेल. म्हणूनच त्याची चिकित्सा आवश्यक ठरते.

ग्रंथाला आधारभूत असलेला एक प्रयोग २००३ सालचा आहे. नाओमी आयझेनबर्गर, लिबरमन व किपलिंग विल्यम्स यांनी मेंदूचे चित्रण करणाऱ्या यंत्रात १३ जणांना पडद्यावरील चेंडूचा खेळ खेळावयास दिला. सहखेळाडू माणसे आहेत, असा त्यांचा समज होता. वस्तुतः तेथे संगणक होता. काही वेळाने त्यांच्याकडे चेंडू येईनासा झाला. तेव्हा शारीरिक वेदनेशी निगडित असा मेंदूचा एक भाग अधिक क्रियाशील झाला. वगळले जाण्याचे दुःख खरेखुरे असते, हा लिबरमन यांचा निष्कर्ष. ‘मनाला लावून घेऊ नका’ हा उपदेश ज्यांनी पिढ्यान्‌पिढ्या ऐकला, त्यांना त्याचे मोल सांगावयास नको.

तथापि, या दोन वेदनांचे मेंदूतील आकृतिबंध वेगवेगळे असल्याचे वू, वेगर प्रभृतींनी २०१४ साली दाखविले. पालि वाङ्मयात कायिक व चैतसिक वेदना असा भेद पूर्वीपासूनच आहे. चैतसिक वेदना खरी ठरण्यासाठी तिला शरीराची साक्ष लागत नाही. बाबासाहेबांनी १९२७ साली आपल्या पाक्षिकास ‘बहिष्कृत भारत’ हे नाव दिले, ते कोणत्याही यंत्राची वाट न पाहता.

ग्रंथाची खरी उणीव त्याच्या उत्तरार्धात आहे. समाजाची मूल्ये नकळत आपल्यात शिरतात, आपण ती स्वतःचीच मानतो आणि त्यातून समाजात मेळ साधतो, असे लिबरमन म्हणतात. परंतु जातही याच वाटेने आत शिरते! अशा वेळी मेळ कोणाचा आणि कोणाला वगळून, हा प्रश्न ग्रंथाने पुरेशा गांभीर्याने घेतलेला नाही. प्रयोगात वगळणारा संगणक होता. गावात वगळणारा माणूस असतो. वगळलेल्याच्या मेंदूचे चित्र आपल्यापुढे आले, वगळणाऱ्याचे चित्त मात्र तपासणीबाहेरच राहिले.

वासेट्ठसुत्तात भगवंत वनस्पती, कीटक व पशुपक्षी यांची जातिनिहाय लक्षणे सांगतात. माणसाच्या केसांत, डोळ्यांत, कोणत्याही अवयवात तसे लक्षण नाही, मनुष्यांतील भेद केवळ व्यवहाराने पडलेले आहेत, असे दाखवितात. मेंदू हाही अवयवच. संबंध जोडण्याची क्षमता त्यात निसर्गाने दिली असेल. कोणाशी संबंध तोडावा, हे समाजाने शिकविले आहे. जे शिकविले गेले, ते मोडून काढण्याची जबाबदारीही समाजाचीच आहे.